घरच्या घरी विशिष्ट सक्रियता

प्रथम एक केळं घ्या. ते खाऊ नका.

पहिली पायरी एवढीच आहे, आणि बहुतेक नवशिके इथेच गारद होतात. मी हे लिहायला बसलो तेव्हा टेबलावर सहा केळ्यांची फणी होती. वहीत समास सोडून 'दिलेली माहिती' एवढं लिहून होईपर्यंत पाच उरली. नातवाची शाळा सुटली होती. तेव्हा प्रयोगाचं केळं फ्रीजच्या डोक्यावर, पितळी डब्यामागे ठेवावं आणि घरातल्यांना त्याचं शास्त्रीय महत्त्व एकदा समजावून सांगावं. उपयोग होत नाही, पण आपण सांगितलं होतं एवढं पुढे म्हणता येतं.

बाकीचं साहित्य म्हणजे कागद, पेन्सिल, आणि पेन्सिलीपेक्षा मोठं खोडरबर. गायगर काउंटर लागत नाही. कुणाकडून मागून आणलात आणि केळ्याजवळ धरलात, तर तो केळं नसताना जेवढा टिकटिकत होता तेवढाच टिकटिकेल आणि तुमचा विरस होईल. कॅल्क्युलेटर ड्रॉवरमध्येच राहू द्या.

आता हा उद्योग कशासाठी? तर आमचे शेजारी नाना. मागच्या एकादशीच्या आदल्या दिवशी त्यांच्या मोबाइलवर संदेश आला, की केळ्यात किरणोत्सारी पोटॅशियम असतं. संदेश खरा होता, हीच अडचण. खोटा असता तर मी पाच मिनिटांत निकालात काढला असता. नानांनी केळं सोडलं. आम्ही जळगाव जिल्ह्यातले. इथे माणसाने दारू सोडली तर कुणी विचारत नाही, पण केळं सोडलं तर चारचौघं घरी येऊन जातात. मीही गेलो. विचारलं, "नाना, असतं ते किती असतं?" नाना म्हणाले, "असतं म्हणजे असतंच की हो मास्तर. किती काय त्यात?"

चाळीस वर्षं वर्गात उभं राहून मी हाच प्रश्न विचारत आलो आणि हेच उत्तर ऐकत आलो. म्हणून ही मार्गदर्शिका.

दुसरी पायरी बाजारात जाऊन करायची. हातगाडीपाशी उभे राहा आणि विचारा, "केळी कशी दिली?" गाडीवाला डझनाचा आकडा सांगेल. तो झाला भाव. मग तुम्ही दोन डझन घेता आणि पैसे मोजता. ते झालं बिल. तुम्ही अर्धा डझन घ्या की लग्नाच्या पंगतीसाठी टेम्पो भरा, भाव तोच. किरणोत्सारी पदार्थातले जितके अणू दर सेकंदाला क्षय पावतात त्या संख्येला सक्रियता म्हणतात. हे बिल. ती संख्या वजनाने भागली, दर ग्रॅमला किती असं विचारलं, की झाली विशिष्ट सक्रियता. हा भाव. शब्द जड आहे, पण रोज सकाळी भाजी घेणाऱ्या माणसाला त्यात नवीन काही नाही. वर्तमानपत्रात 'अमुक ठिकाणी इतके बेकेरल आढळले' असं छापून येतं तेव्हा ते बिल असतं, आणि माल किती होता हे बहुधा छापलेलं नसतं. वजनाशिवाय बिल पाहून घाबरायचं की हायसं वाटून घ्यायचं, हे ज्याच्या त्याच्या प्रकृतीवर.

या बाजारातलं नाणं म्हणजे बेकेरल. सेकंदाला एक क्षय, की एक बेकेरल. 1896 मध्ये पॅरिसात ज्यांच्या फोटोच्या काचेवर युरेनियमच्या क्षारांनी अंधारातच छाप उमटवली, त्या आंरी बेकेरल यांचं हे नाव. एकक म्हणून ते 1975 मध्ये ठरलं. नाणं फार लहान आहे. पूर्वी पै होती, तिच्याहून लहान.

'क्षय' शब्द ऐकून आमच्या घरात एकदा गैरसमज झाला होता, म्हणून सांगून ठेवतो. अणूला क्षय होतो तेव्हा तो खोकत नाही, खंगत नाही, आधी वजन उतरत नाही. काल जसा होता तसाच आज असतो, आणि मग एका क्षणी, कुठलीही पूर्वसूचना न देता, दुसराच कुणीतरी होतो. नानांच्या संदेशातलं किरणोत्सारी पोटॅशियम म्हणजे पोटॅशियम-40; त्याचा अणू शंभरातल्या एकोणनव्वद वेळा कॅल्शियम होतो आणि उरलेल्या अकरा वेळा आर्गॉन. कोणता अणू कधी जाईल हे सांगता येत नाही. म्हातारा अणू लवकर जातो असंही नाही, कारण अणूला म्हातारपण नाही. पण परार्धावारी अणू एकत्र घेतले की त्यातले सेकंदाला किती जाणार ते बिनचूक सांगता येतं. आयुर्विम्याचा एजंट एका माणसाबद्दल काही बोलत नाही, लाखाबद्दल छातीठोक बोलतो, तसंच.

तिसरी पायरी अर्धायुष्य. निम्मे अणू संपायला लागणारा काळ. पोटॅशियम-40 चं अर्धायुष्य 125 कोटी वर्षं. पृथ्वी जन्मली तेव्हा आजच्या बारापट पोटॅशियम-40 तिच्या पोटात होतं. केळं खायला मात्र कुणी नव्हतं. तेव्हापासून जे झिजलं त्यातला आर्गॉन होऊन बाहेर पडलेला वाटा आज आपण श्वासात घेतो. हवेत शंभरात जवळजवळ एक भाग आर्गॉन आहे आणि तो बहुतेक सगळा या पोटॅशियमचाच वारस. आपल्या सह्याद्रीच्या काळ्या पाषाणाचं वय साडेसहा कोटी वर्षं सांगतात, तेही खडकात कोंडलेला हा आर्गॉन मोजून काढलेलं. म्हणजे रायगडाच्या कातळात जे घड्याळ आहे तेच फ्रीजवरच्या केळ्यात आहे. (फ्रीजवर एकदा बघून या. आहे ना? ठीक.)

आता इथे नवशिका हमखास म्हणतो, "निम्मे जायला 125 कोटी वर्षं, म्हणजे दरवर्षी जाणारे काढायचे तर अर्ध्याला 125 कोटींनी भागू." भागू नका. अर्धा नाही, 0.693 ला भागायचं. हा 0.693 पाहून विद्यार्थी असा चेहरा करतात की जणू मास्तरांनी खिशातून काढला. तो दामदुप्पटीचा आहे. पतपेढीत पैसे ठेवणाऱ्या कुठल्याही आजोबांना विचारा: 72 ला व्याजाच्या दराने भागलं की पैसे दुप्पट व्हायला लागणारी वर्षं येतात. 72 हा भागायला सोयीचा म्हणून घेतात. व्याज क्षणाक्षणाला मुदलात मिसळत असेल, तर खरा आकडा 69.3 आहे. शंभरावर 69.3 म्हणजेच 0.693. पतपेढीत दाम दुप्पट होतो, इथे निम्मा होतो. गणित एकच, फक्त ठेवीदार रडतो. अर्धा घेतलात तर तुम्ही असं धरता की सुरुवातीला सेकंदाला जितके अणू गेले तितकेच शेवटपर्यंत जात राहतील. पण शिल्लक कमी झाली की जाणारेही कमी होतात.

चौथी पायरी वर्षाचे सेकंद करण्याची, आणि मी इथे पाण्याचा तांब्या जवळ घेऊन बसतो. कारण उत्तरपत्रिकांमध्ये मी सर्वांत जास्त लाल शाई इथे सांडली आहे. वर्षात 3 कोटी 15 लाख 57 हजार 600 सेकंद असतात, लीप वर्षाचा पाव दिवस धरून. बेकेरल सेकंदाचा आहे आणि अर्धायुष्य वर्षांत दिलेलं आहे. पोरं वर्षं तशीच आत घालतात, उत्तर काढतात, खाली दोन रेघा मारतात आणि पुढे 'बेकेरल' लिहून मोकळी होतात. उत्तर तीन कोटी पटींनी चुकतं. याचा अर्थ काय, तर एका केळ्यात सेकंदाला सुमारे बेचाळीस कोटी क्षय. हाडांच्या स्कॅनसाठी रुग्णाला जे इंजेक्शन देतात त्याच्या निम्म्याहून जास्त. असं केळं खरंच असतं तर ते फळांच्या गाडीवर मिळालं नसतं. शिशाच्या डब्यातून, सही-शिक्क्यानिशी आलं असतं. म्हणून उत्तर आल्यावर केळ्याकडे एकदा बघायचं आणि स्वतःला विचारायचं, हे शोभतं का याला?

125 कोटी वर्षं गुणिले 3 कोटी 15 लाख सेकंद. इथे नवशिका दहाचे घात लिहायला लागतो, एखादं शून्य सांडतो आणि खोडरबर शोधतो. मी तुम्हाला जरा जुनी वाट दाखवतो. आमच्याच जिल्ह्यात, चाळीसगावजवळ पाटणला, भास्कराचार्यांच्या नातवाने कोरवून घेतलेला 1207 मधला शिलालेख आहे. आजोबांचे ग्रंथ शिकवायला मठ काढला त्याची नोंद. ज्या ग्रंथांसाठी मठ काढला त्यांतली 'लीलावती' 1150 ची. तिच्यात आकड्यांची नावं एकापासून सुरू होऊन परार्धाला थांबतात. परार्ध म्हणजे एकावर सतरा शून्यं. कोटी, अब्ज, खर्व, निखर्व अशी चढण चढत माणूस तिथे पोचतो. शाळेत असताना मला नेहमी वाटायचं, एवढ्या मोठ्या आकड्याला नाव देऊन ठेवलं, पण मोजायचं काय होतं त्याने?

पोटॅशियम मोजायचं होतं. बघा. वरचा गुणाकार करा: अर्धायुष्य येतं 0.394 परार्ध सेकंद. 0.693 ला 0.394 ने भागा. येतात 1.76. म्हणजे पोटॅशियम-40 चे एक परार्ध अणू समोर ठेवले तर त्यातले दर सेकंदाला 1.76 क्षय पावतात. 1.76 म्हणजे आपल्या भाषेत पावणेदोन, वर चिमूटभर. एवढं लक्षात ठेवा: परार्धाला पावणेदोन. ज्या गणितात दहाच्या उणे सतराव्या घाताने पोरं घायकुतीला येतात, ते गणित आठशे वर्षांपूर्वीच्या मापाने मोजलं की किराणा दुकानात येऊन बसतं.

पाचवी पायरी: एका ग्रॅममध्ये अणू किती? ॲव्होगाड्रोचा आकडा सगळ्यांनी पाठ केलेला असतो, 6.022 गुणिले दहाचा तेविसावा घात. आपल्या मापात साठ लाख परार्ध. त्याला अणुभाराने भागायचं. पोटॅशियम-40 चा अणुभार 40, म्हणजे दर ग्रॅमला दीड लाख परार्ध अणू. प्रयोगशाळेच्या भिंतीवरच्या तक्त्यात पोटॅशियमपुढे 39.1 छापलेलं असतं. तो सगळ्या भावंडांचा सरासरी भार आहे. आपण आत्ता एकाच भावंडाचा हिशेब करतो आहोत, तेव्हा 40 च.

झालं. दीड लाख परार्ध अणू, परार्धाला पावणेदोन. माझे वडील एका पेढीवर दिवाणजी होते. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, सगळे पाढे त्यांच्या जिभेवर. त्यांना अणू म्हणजे काय ते ठाऊक नव्हतं, पण दीड पावणेदोन किती हे त्यांनी पान लावता लावता सांगितलं असतं: पावणेदोन लाख आणि त्याचे निम्मे, 2 लाख 62 हजार 500. शुद्ध पोटॅशियम-40 ची विशिष्ट सक्रियता, ग्रॅमला तेवढे बेकेरल. आता कॅल्क्युलेटर काढायला हरकत नाही. तो 2 लाख 64 हजार 500 च्या आसपास दाखवेल. पाऊण टक्क्याची तफावत. दिवाणजींनी तेवढी वटावात धरली असती.

इथे बऱ्याच जणांना वाटतं की काम संपलं, आणि ते केळ्याकडे हात नेतात. थांबा. हा भाव शुद्ध पोटॅशियम-40 चा आहे आणि शुद्ध पोटॅशियम-40 तुमच्या गाडीवाल्याकडे नाही. निसर्गात दहा हजार पोटॅशियम अणूंच्या गावात या 40 वाल्यांचं एकच घर, आणि शेजारी फार तर एक ओसरी: दहा हजारांत 1.17. बाकीचे 39 आणि 41 वाले शांत, बाळबोध, किरणोत्सर्गाशी संबंध नसलेले. म्हणून आता प्रश्न बदलतो. ग्रॅमला किती हे खरं, पण कशाच्या ग्रॅमला?

हा प्रश्न मी फळ्यावर चौकटीत लिहीत असे. या विषयातली निम्मी भांडणं त्याच्यावरून होतात. कोबाल्ट-60 चं उदाहरण घ्या. सूत्रात घातलं तर ग्रॅमला 1,100 क्युरीहून जास्त येतात. (क्युरी हे मोठं नाणं, एक क्युरी म्हणजे 3,700 कोटी बेकेरल. त्याची कथा पुढे.) पण प्रत्यक्षात साधा कोबाल्ट-59 अणुभट्टीत ठेवतात, त्यातले काही अणू न्यूट्रॉन गिळून 60 होतात आणि बाकीचे तसेच राहतात. त्यांना वेगळं काढता येत नाही, कारण रसायनाच्या दृष्टीने दोघे जुळे भाऊ. त्यामुळे बाजारातल्या कोबाल्टचा भाव पुस्तकातल्या भावाच्या बराच खाली असतो. लासलगावला 'कृषक' केंद्रात कांद्याला मोड येऊ नयेत म्हणून किरणं देतात आणि 2007 मध्ये अमेरिकेला गेलेला हापूस तिथूनच किरणं खाऊन गेला. तिथला कोबाल्ट असाच, भेसळीचा म्हणू नका, पण सायीच्या दुधासारखा. वर साय आहे, खाली बरंच दूध आहे. गवळ्याला विचारावं तसं विचारायचं: बाबा, हे माप सायीचं की सगळ्या चरवीचं? (आणि नानांसाठी: किरणं खाल्लेला आंबा स्वतः किरणोत्सारी होत नाही. उन्हात वाळवलेल्या पापडातून रात्री ऊन येत नाही.)

तर साध्या पोटॅशियमचा भाव काढू. आता मात्र तक्त्यावरचा 39.1 घ्यायचा, कारण सगळं कुटुंबच तोलतो आहोत. एका ग्रॅमला 1 लाख 54 हजार परार्ध अणू. त्यातले दहा हजारांत 1.17 म्हणजे अठरा परार्ध. अठरा पावणेदोन साडेएकतीस. साध्या पोटॅशियमची विशिष्ट सक्रियता ग्रॅमला साडेएकतीस बेकेरल. अडीच लाखांवरून साडेएकतीसवर आलो, आणि अणू एकही खोटा बोललेला नाही.

केळ्याचं वजन साल काढून 118 ग्रॅम धरा. त्यात पोटॅशियम असतं साधारण 420 मिलिग्रॅम, अर्ध्या ग्रॅमलाही कमी. 0.42 गुणिले साडेएकतीस: तेरा. एका केळ्याचं बिल सेकंदाला तेरा क्षय. भाव विचाराल तर केळ्याच्या ग्रॅमला 0.11 बेकेरल.

मी हा आकडा घेऊन नानांकडे गेलो. त्यांनी 'सेकंदाला तेरा' ऐकलं आणि ते आणखी घाबरले. चूक माझी. मी त्यांना तुलनेला काहीच दिलं नव्हतं. मग मी विचारलं, "एकादशीला केळ्याऐवजी काय खाल्लंत?" म्हणाले, "बटाट्याची भाजी, उपासाची." केळ्याच्या शंभर ग्रॅममध्ये 360 मिलिग्रॅम पोटॅशियम, कच्च्या बटाट्याच्या शंभर ग्रॅममध्ये 420 च्या घरात. नानांनी स्वस्तातलं सोडून महागातलं धरलं होतं. आणि भाजीत मीठ कुठलं? रक्तदाबासाठी डॉक्टरांनी सांगितलेलं कमी सोडियमचं. त्यात सोडियमची जागा पोटॅशियम क्लोराइड घेतं. ते निव्वळ असेल तर निम्म्याहून जास्त वजन पोटॅशियमचंच. ग्रॅमला साडेसोळा बेकेरल. पाच ग्रॅमचा चमचा म्हणजे सहा केळी. हे मी नानांना सांगायला नको होतं. त्यांनी मिठाची बरणी उचलून खिडकीत नेऊन ठेवली, जणू हवेशीर जागेत ती निवळेल.

शेवटी मी त्यांना त्यांच्याबद्दल सांगितलं. प्रौढ माणसाच्या अंगात सुमारे 140 ग्रॅम पोटॅशियम असतं. गुणा. 4,410. नाना स्वतः चार हजारांवर बेकेरल, बसल्या जागी, जन्मापासून, कधी तक्रार न करता. आणि केळं खाल्लं म्हणून त्यात भर पडून राहत नाही; अंगातलं पोटॅशियम मूत्रपिंडं मापात ठेवतात, जास्तीचं बाहेर काढतात. नाना थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "हिच्या अंगात किती?" मी म्हटलं, वहिनींचं वजन विचारायची माझी हिंमत नाही.

एक गोष्ट त्यांना सांगायची राहिली, ती तुम्हाला सांगतो. बेकेरल फक्त किती वेळा दार वाजलं ते मोजतो. टिचकी मारली की लाथ घातली, ते त्याच्या वहीत नसतं. कोणता कण, किती जोराचा, अंगात कुठे, याचा हिशेब वेगळा, त्याचं एककही वेगळं. विशिष्ट सक्रियतेवरून थेट धोका काढू नका, आणि निर्धास्तही होऊ नका.

क्युरीची कथा राहिली होती. 1910 मध्ये ब्रुसेल्सला शास्त्रज्ञ जमले आणि सक्रियतेचं माप ठरवू लागले. रेडियम शोधणाऱ्यांचं नाव मापाला द्यायचं ठरलं आणि ते माप एका ग्रॅम रेडियमला बांधलं गेलं. काहींना माप लहान हवं होतं, कारण ग्रॅमभर रेडियम कुणाच्या बापाने पाहिलं होतं? मारी क्युरींनी मात्र ग्रॅम सोडला नाही. चार वर्षांपूर्वी पॅरिसच्या रस्त्यावर घोड्याच्या गाडीखाली सापडून पिएर गेले होते. त्यांच्या नावाचं माप चिमूटभर असावं हे मारींना पटणारं नव्हतं, असं मला आपलं वाटतं. पुढे तो आकडा सेकंदाला 3,700 कोटी असा कायमचा बांधून टाकला. आता गंमत करा. तुमची नवी विद्या रेडियम-226 वर चालवा: अर्धायुष्य 1,600 वर्षं, भार 226. उत्तर येईल 3,660 कोटींच्या आसपास. ज्याच्यावरून शेर बनवला तोच माल त्या शेरात टाकला तर शंभरात एक कमी भरतो. तुमचं गणित बरोबर आहे, खोडरबर खाली ठेवा. मापं आधी ठरली, मोजणी नंतर सुधारली.

या सगळ्यात एक गोष्ट तुमच्या ध्यानात आली असेल. अर्धायुष्य छेदात बसलं आहे. जो फार जगतो तो गप्प, जो लवकर जाणार तो गावभर बोंबलतो. वरातीत डोक्यावर धरायच्या त्या जुन्या गॅसबत्तीच्या मॅन्टलमध्ये थोरियम असायचं. त्याचं अर्धायुष्य 1,400 कोटी वर्षं, आणि भाव ग्रॅमला जेमतेम चार हजार बेकेरल. रेडियमसमोर हा म्हणजे पारावर बसलेला म्हातारा. उलट थायरॉइडच्या उपचारातलं आयोडीन-131 घ्या. आठ दिवस अर्धायुष्य. दर दहा लाख अणूंमागे सेकंदाला एक, असा त्याचा हिशेब इतका गोळीबंद येतो की परीक्षेत हेच विचारावं. ग्रॅमला 46 लाख अब्ज बेकेरल. पण ग्रॅमभर ते कुणी भरत नाही, भरूही नये.

आणि टेक्नेशियम-99एम. सहा तासांचा पाहुणा. त्याला दूरवरून मागवणं परवडत नाही, वाटेतच निम्मा व्हायचा. म्हणून 66 तास अर्धायुष्याचं मॉलिब्डेनम मागवतात आणि त्यातून रोज सकाळी टेक्नेशियम काढतात. त्या यंत्राला जगभर गाय म्हणतात आणि काढण्याला दूध काढणं. ज्याने हे नाव दिलं त्याला गोठ्याची सवय असावी. हाडांच्या स्कॅनला 74 कोटी बेकेरल टोचतात म्हटल्यावर नवशिक्याला वाटतं बादलीभर असणार. वजन काढा: ग्रॅमचा सव्वीस कोटीवा भाग. तराजूवर काही दिसणार नाही, सुईच्या टोकावरही नाही. बिल मोठं, माल नाही इतका. भावच तसा आहे.

शेवटची पायरी. आता केळं खा.

मी फ्रीजपाशी गेलो तेव्हा पितळी डब्यामागे काही नव्हतं. स्वयंपाकघरातून वाटीत चमचा फिरवल्याचा आवाज येत होता. हिने प्रयोगाच्या केळ्याची शिकरण केली होती. आज पुन्हा एकादशी, आणि नाना येऊन पाटावर बसलेले. मी वही उघडली. केळं 118 ग्रॅम, दूध अंदाजे 200. दुधाच्या शंभर ग्रॅममागे पोटॅशियम दीडशे मिलिग्रॅम धरलं तर एकूण 720. बिल तेरावरून पावणेतेवीसवर चढलं, पण भाव 0.11 वरून 0.07 वर उतरला. मी नानांना हे सांगितलं. त्यांना भाव उतरल्याचं कळलं आणि त्यांनी वाटी पुढे केली.

फक्त साखरेचं वजन राहिलं होतं. तिच्यात पोटॅशियम नाही, पण ग्रॅम मोजायचे तर तीही मोजायला हवी. "साखर किती घातलीस?" मी विचारलं.

"अहो, चवीपुरती."

छेदात मी सध्या तेच लिहून ठेवलं आहे.